समोर काय आहे?

सोमवार, ३ मार्च

माझ्या छत्रीवर आज घोर अन्याय झाला आहे. त्याची दखल इतिहास घेणार नाही, म्हणून या वहीने घ्यावी. दाराजवळच्या भिंतीवर दोन खुंट्या आहेत. डावीवर हिच्या गाडीची किल्ली आणि उजवीवर माझी छत्री, हा तह आमच्या लग्नाइतका जुना. आज सकाळी पाहतो तो छत्री चपलांच्या फळीवर आडवी पडलेली आणि तिच्या गादीवर गाडीची दुसरी किल्ली विराजमान.

"ही कुणाची?" मी विचारले.

"तुमची," ही म्हणाली.

"मला गाडी येत नाही."

"म्हणूनच."

मी लहानपणी पाठशाळेत बसून तर्कशास्त्राची पाने घोकली. समोरच्याला एका शब्दात गारद कसे करावे हे त्यात कुठेच नव्हते. ते हिला उपजत येते.

प्रकरणाचे मूळ काल संध्याकाळी आहे. हिच्या रोपवाटिकेच्या फाटकाचा खांब गाडीच्या डाव्या अंगाला घासून गेला. खांब घासून गेला असे लिहितो, कारण हिचे म्हणणे तसे आहे: "खांब मध्ये आला." हा खांब ही वाटिका घेतली तेव्हापासून तिथेच उभा आहे आणि कुणाच्या मध्ये यावे असा त्याचा स्वभाव कधी दिसला नाही. मी एवढेच म्हणालो, तर हिने हातातली पिशवी खाली ठेवली आणि जाहीर केले, "आजपासून मी गाडी चालवणार नाही. कंटाळा आला."

कंटाळा. जिने मला सभेला, दवाखान्याला, स्टेशनला इतकी वर्षे पोचवले, तिला अचानक कंटाळा. ड्रायव्हर ठेवू म्हणालो, तर "माझी कलमं कुणाच्याही हाती देत नाही मी, आणि दिली तरी त्याचा पगार काय पानं विकून द्यायचा?" गुलाब, लिंबू, शोभेची झुडपे अशी गाडीभर रोपे दर आठवड्याला गिऱ्हाइकांच्या दारी जातात. रोपे पायी जात नाहीत. तात्पर्य, मी शिकलो नाही तर वाटिकेला कुलूप. आणि ते कुलूप लावून ही घरात बसली, तर माझे काय होईल याचा विचार मी केलेला बरा.

एक समाधान: ही वही चोरून वाचून समासात पेन्सिलीने शेरे मारायची हिची जुनी सवय. 'खोटं', 'अतिशयोक्ती', 'हे मी म्हणाले नव्हते' वगैरे. गेले वर्षभर एकही शेरा नाही. माझे लेखन सुधारले असावे.

बुधवार, ५ मार्च

शिकाऊ परवान्यासाठी डोळ्यांचा दाखला लागतो. ही बरोबर आली, पण बाहेरच्या बाकावरच बसली. म्हणे दवाखान्याचा वास सहन होत नाही.

डॉक्टरीणबाईंनी भिंतीवरची अक्षरे वाचायला लावली. मी शेवटच्या ओळीपर्यंत धडाधड वाचत गेलो, आणि खाली छापखान्याचे नाव होते तेही वाचले.

"बाई आल्या नाहीत आत?" त्यांनी विचारले.

"बाहेर आहेत. ओळखता वाटतं?"

"हो," म्हणाल्या आणि दाखल्यावर सही करू लागल्या. बहुधा रोपे नेत असतील. अर्धे गाव हिचे गिऱ्हाईक आहे. सही झाल्यावर म्हणाल्या, "डोळे छान आहेत तुमचे. सांभाळा."

माझ्या डोळ्यांची स्तुती यापूर्वी कुणी केल्याचे स्मरत नाही. घरी येताना हिला ते दोनदा सांगितले. "बरं झालं, एक तरी अवयव कामाचा निघाला," ही म्हणाली.

दुपारी लेखी चाचणी. खुणांची चित्रे ओळखायची होती. उत्तीर्ण. पोरे माझ्याआधी संपवून गेली, पण व्यासंगाला वेळ लागतोच.

शनिवार, ८ मार्च

ड्रायव्हिंग स्कूलच्या शिक्षकांचे नाव मी 'ब्रेककाका' ठेवले आहे. वयाने माझ्याहून लहान असतील, पण पायात अधिकार मोठा. त्यांच्या बाजूला स्वतंत्र ब्रेक आहे आणि त्यांचे सारे अध्यापन त्या एका पायातून चालते. तोंडाने ते फुटाणे खातात.

"काय काम करता साहेब?"

"वार्ताहर आहे. नगरपालिकेच्या सभा, रस्ते, पाणी, असलं सगळं लिहितो."

"म्हणजे खड्ड्यांची माहिती आहे."

"सखोल."

"मग चुकवा की."

क्लच सोडण्याची क्रिया फार सूक्ष्म आहे. मी मन स्थिर राहावे म्हणून पाठ असलेली शब्दांची रूपे म्हणू लागलो. तृतीयेपर्यंत गाडी उभी होती. चतुर्थीला तिने उडी मारली आणि पंचमीला ब्रेककाकांचा पाय पडला. षष्ठी आजवर आलेली नाही.

मंगळवार, ११ मार्च

आज चौकाच्या मधोमध गाडी बंद पडली. तपशील देण्यासारखे काही नाही. एका बसचालकाने दिला, तो पुरेसा आहे.

रविवार, १६ मार्च

सरावासाठी आज आमची गाडी काढली. ही शेजारी. मागच्या सीटवर हिने रोपांचा एक ट्रे ठेवला.

"हे कशाला?"

"तुमचे मार्क. रोपाची पिशवी आडवी झाली की ब्रेक वाईट मारला. मला मागे वळून बघायला नको, आवाज येतो."

शिवाय हिची एक पद्धत आहे, जी ब्रेककाकांनी कधी ऐकलेली नाही. चालवणाऱ्याने मोठ्याने बोलायचे. जे दिसेल ते सगळे. ही सारखी विचारते, "समोर काय आहे?" आणि मी सांगायचे.

"सायकल आहे."

"कुठे? कशी चाललीय?"

"डावीकडे. जरा डुलत."

"मग लांब ठेवा. पुढे?"

"सिग्नल."

"कोणता?"

"अगं, दिसतोय की लाल."

"मला नका विचारू दिसतोय का. तुम्ही बोला. बोलला की डोकं जागं राहतं."

सभेचे इतिवृत्त मी वर्षानुवर्षे लिहीत आलो, पण रस्त्याचे इतिवृत्त हा नवाच प्रकार. म्हैस, हातगाडी, रस्ता ओलांडणाऱ्या दोन बायका, त्यांतली एक मोबाइलवर. तासाभराने घसा बसला. हिने विचारले, "मागे किती पडली?" मी पाहिले. एकच. ही खूश झाली. म्हणाली, "आवाजावरून मला दोन वाटली होती."

गुरुवार, २० मार्च

घरातल्या दोन घडामोडी नोंदवण्यासारख्या आहेत.

पहिली. माझ्या बातम्यांना 'गटारवाङ्मय' म्हणणारी ही रोज सकाळी चहा घेऊन माझ्यासमोर बसतेच, पण हल्ली म्हणते, "वाचा बघू, काय छापलंय तुमचं." मी वाचतो. माझे संपले की अग्रलेख, मग मृत्युवार्ता, मग खालची जाहिरातही. उशिरा का होईना, लेखकाला घरात वाचक लाभला. श्रोता म्हणू फार तर.

दुसरी तितकी सुखाची नाही. हल्ली बोलताना ही माझ्या तोंडाकडे बघत नाही, कानाकडे बघते. मी विचारले तर म्हणाली, "तोंड पाठ झालंय." ऐकत जा, असे सुचवायचे असावे. टोमणा मारण्याची ही रीत नवीन आहे, पण परिणामकारक. दिवसभर मी कान चाचपत होतो.

शनिवार, २९ मार्च

आज सुतार आला होता. महिनाभर ही म्हणते आहे की स्वयंपाकघराच्या दाराची चौकट वाकली. मला ती सरळ दिसते, पण हिच्या मते मला सगळेच सरळ दिसते. सुताराने ओळंबा सोडला, पाणसळ लावली, खाली बसून एक डोळा मिटून पाहिले.

"ताई, दोरीसारखी सरळ आहे."

"मध्ये बाक आलाय बघा. लाट आल्यासारखा."

"नाही हो. तुम्हीच हात फिरवा."

हिने हात फिरवला. वरून खालपर्यंत, सावकाश, मग परत वर. मी विजयी मुद्रेने उभा होतो. मला वाटले आता सुताराची खरडपट्टी निघणार. पण ही म्हणाली, "हो. सरळ आहे," आणि त्याला चहा विचारून आत गेली.

वादात हार मानलेली ही मला माहीत नाही. सुतारही जरा घाबरलेला दिसला.

दुपारी वाटिकेत मी खिळे शोधत होतो, तेव्हा ही कलमांवर गुलाबाचे डोळे, म्हणजे कोंब, बांधत होती. पापण्या मिटून. पात्याने साल उचलायची, डोळा आत सरकवायचा, पट्टी गुंडाळायची, सगळे बोटांनी. "दाखवायला करतेस?" मी म्हणालो. म्हणाली, "सराव करतेय. तुम्ही तुमचा करा."

रविवार, ६ एप्रिल

गाडी आता बरी चालते. चौथ्या गिअरपर्यंत मजल गेली आहे आणि ट्रेमधली रोपे उभ्या उभ्या घरी येतात. आत्मविश्वास वाढला की माझी जीभ सैल सुटते, हा जुना दोष.

"समोर काय आहे?" हिने नेहमीप्रमाणे विचारले.

"गेंडा," मी गंभीरपणे म्हणालो.

ही दचकली. दोन्ही पाय चटईत रुतवले. मग हसली आणि म्हणाली, "चुलत भाऊ असेल तुमचा. त्याला साइड द्या."

बाजारात रोपांच्या मातीची पोती घेतली. दुकानदाराची बायको समोर येऊन हसत उभी राहिली. हिने तिला पाहून न पाहिल्यासारखे केले. ती "काय म्हणता ताई" म्हणाल्यावर मात्र हिने तिचे दोन्ही हात धरले आणि लेकीसुनांची चौकशी केली. गाडीत मी विचारले, भांडण होते का. म्हणाली, "छे, विचारात होते."

बुधवार, १६ एप्रिल

अनुत्तीर्ण.

परीक्षक म्हणजे माझ्या मुलीच्या वयाची एक बाई, हातात पाटी, कपाळाला आठी. मी सुरुवात केली, "डावीकडे स्कूटर उभी आहे, पुढे वळण आहे, वळणावर कुत्रा बसला आहे..."

"काका, गप्प बसून चालवा."

गप्प बसलो. आणि काय सांगू, सगळा रस्ताच मुका झाला. चढावर थांबायला सांगितले, थांबलो. निघायला सांगितले, मागे निघालो. बरेच मागे. बाईंनी पाटी छातीशी धरली.

ब्रेककाका फाटकाबाहेर फुटाणे खात उभे होते. म्हणाले, "मागे जायचं मी शिकवलंच नव्हतं नीट, तरी तुम्हाला आलं."

घरी हिला सांगितले. मला वाटले हसेल. ही ओट्याला टेकून उभी राहिली आणि विचारले, "परत कधी देता येईल?"

"पुढच्या आठवड्यात, शुक्रवारी. घाई काय आहे? पोरं दोन-दोनदा नापास होतात."

"नव्या शाळेच्या बागेचं काम आलंय. आजवरचं सगळ्यात मोठं. त्याच रविवारी पहिली खेप हवी त्यांना. मी हो म्हणून बसलेय."

"मला न विचारता?"

"तुम्ही पास होणार म्हणून हो म्हणाले. नाही तर काय सांगणार होते त्यांना?"

गुरुवार, १७ एप्रिल

कन्येचा फोन. ती दूर नोकरी करते आणि एरवी मला पाच मिनिटांत आईकडे फिरवते. आज माझ्याशीच बोलत राहिली.

"बाबा, पुढच्या शुक्रवारी नीट दे हं."

"प्रयत्न करतो."

"प्रयत्न नाही. पास हो. थट्टा करू नकोस तिथे."

"तुझ्या आईने वकील नेमला वाटतं."

ती हसली नाही. म्हणाली, "आई गाडी घेऊन कुठे जात नाही ना?"

"किल्लीला हातही लावत नाही. तपस्विनी झाली आहे."

"बरं," म्हणाली आणि फोन ठेवला. मुली लेकुरवाळ्या झाल्या की आयांसारख्या होतात हे ऐकून होतो. आता आया होण्याआधीच होऊ लागल्या.

शुक्रवार, २५ एप्रिल

उत्तीर्ण!

हे उद्गारचिन्ह मी विचारपूर्वक वापरले आहे. या वहीत ते दुर्मीळ आहे.

परीक्षक त्याच. बसल्याबसल्या मी हात जोडून म्हणालो, "बाई, एक विनंती. मला बोलत चालवायची परवानगी द्या. मी तसाच शिकलोय."

"कुणी शिकवलं असं?"

"बायकोने."

त्यांनी माझ्याकडे पाहिले, मग पाटीकडे. "बोला. पण हळू आवाजात. मला झोप आली नाही पाहिजे."

मी बोलत गेलो. सायकल, हातगाडी, बंद दुकानापुढे उभा ट्रक, ट्रकच्या मागून कुणी येईल म्हणून वेग कमी. चढावर थांबलो. "आता हँडब्रेक, आता क्लच, आता आवाज बदलला, आता सोडतो," आणि गाडी पुढे गेली. पुढे. शेवटी बाई म्हणाल्या, "काका, पाच मिनिटं मी डोळे मिटून बसले होते. तरी सगळा रस्ता कळला." आणि सही केली.

घरी आलो. हिला परवान्यावरचा माझा फोटो दाखवला. हिने कार्ड तिरके करून, मान वळवून, तो बाजूने पाहिला.

"कसा आलाय?"

"तुमच्यासारखाच," म्हणाली, आणि डाव्या खुंटीवरची आपली किल्ली काढून उजव्या खुंटीवर, माझ्या किल्लीवर अडकवली. रिकाम्या खुंटीवर माझी छत्री टांगली. तह नव्याने झाला. मला आनंद व्हायला हवा होता, आणि झालाही.

रविवार, २७ एप्रिल

शाळेची पहिली खेप. मागे गुलाब, डिकीत लिंबू, हिच्या मांडीवर नाजूक कलमांचा ट्रे. मी नवा परवाना खिशात घालून राजासारखा बसलो होतो.

शाळेच्या अलीकडे रस्ता अरुंद आहे. तिथे दुभाजकातल्या झाडांना पाणी घालणारा टँकर इंजिन बंद करून उभा होता. आमच्या थेट समोर. निळा, घराएवढा. मी मागे थांबलो. आमच्या मागे गाड्या लागल्या आणि हॉर्न सुरू झाले.

"का थांबलात?"

"असंच. हवा खायला."

"समोर काय आहे?"

मूड चांगला होता. "काही नाही," मी म्हणालो. "मोकळा रस्ता. थेट क्षितिजापर्यंत."

आता ही म्हणेल, 'टँकर काय आजोबांनी उभा करून ठेवलाय तुमच्या?' मी वाटच बघत होतो.

"मग निघा की," ही म्हणाली. "मागचे शिव्या देतायत."

मी हिच्याकडे पाहिले. थट्टा करताना हिच्या नाकाशेजारी एक बारीक सुरकुती पडते. ती नव्हती. हिची नजर टँकरवर सरळ रोखलेली होती. आणि मग, गाडी सुटताना नेहमी धरते तसा, हिने मांडीवरचा ट्रे दोन्ही हातांनी घट्ट धरला.

मी इंजिन बंद केले.

"टँकर आहे," मी म्हणालो. "निळा. उभा आहे."

हिने ट्रेवरची पकड सैल केली. मग विचारले, "किती लांब?"

"आपल्या अंगणाइतका."

"मग थांबलात ते बरोबर केलंत."

टँकर हलेपर्यंत हिने सगळे सांगितले, भाजीचा भाव सांगावा तसे. नजरेचा मधला भाग गेला आहे. एका डोळ्याचा जवळजवळ पूर्ण, दुसऱ्याचा जातो आहे. गेलेले परत येणार नाही. कडेकडेचे राहील, असे त्या डॉक्टरीणबाई म्हणतात. कन्येला माहीत आहे.

"म्हणून कान," मी म्हणालो.

"हो. तुम्ही समोर आलात की दिसत नाही. जरा बाजूला झालात की दिसता. कानाकडे बघितलं की तोंड दिसतं तुमचं, कडेला."

"आणि मला सांगायचं कधी होतं?"

"परवाना मिळाल्यावर."

"शुक्रवारी मिळाला."

"शुक्रवारी तुम्ही इतके खूश होता."

"आधी का नाही सांगितलंस?"

"आधी सांगितलं असतं तर तुम्ही माझी दया करत शिकला असतात. म्हणजे शिकलाच नसतात. छत्री काढली म्हणून चिडलात, तेव्हा कुठे क्लासला नाव घातलंत."

टँकर हलला. मी सांगितले, टँकर हलला. ही म्हणाली, "मग पहिला टाका. आणि हळू, कलमं आहेत."

शाळेच्या दारात एकही रोप आडवे झालेले नव्हते.

सोमवार, २८ एप्रिल

सकाळी चहाबरोबर पेपर वाचून दाखवला. खालच्या जाहिरातीसकट. मग ही म्हणाली, "आणि तुमची वही? वर्ष झालं, काय काय खोटं लिहिलंय कळलंच नाही मला." म्हणून दुपारी वहीही वाचायची ठरली आहे. पेन्सिल माझ्या हातात असेल, शेरे ही सांगेल. गेंड्याच्या पानावर बराच वेळ जाईल असे वाटते. इथून खालचे मात्र मी वाचणार नाही.

गाडीची मला भीती राहिलेली नाही. वाटिका चालेल, खेपा होतील, तिची बोटे माझ्या डोळ्यांपेक्षा हुशार आहेत. मला भीती वाटते ती कालच्या त्या क्षणाची. मी रस्ता मोकळा आहे म्हणालो आणि तिने ट्रे धरला. परत विचारले नाही. माझा शब्द तिला पुरला.

यापुढे मी सांगेन तेवढाच तिच्यासमोरचा रस्ता. आणि मला सगळे दिसतेच असे नाही. वर्षभर ती माझ्यासमोर बसून चहा पीत होती.